शमीमबाईंचा शुक्रवार

‘शुक्रवारचा शर्ट’ ही फिल्म मी दिग्दर्शित केलेली नाही.

हे वाक्य मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. फिल्म जेमतेम अर्ध्या तासाची, दुबईतल्या बांधकाम कामगारांच्या सुट्टीच्या दिवसावरची. थिएटरात ती कधी लागली नाही, पण ज्यांनी पाहिली त्यांच्या लक्षात राहिली. तिच्या शेवटी काळ्यावर पांढऱ्या अक्षरांत येतं, ‘दिग्दर्शन : सुधीर टिपणीस’. तो मी. परवा माझ्या मुलीच्या कॉलेजात, मीडियाच्या वर्गात ती दाखवली. पोरगी घरी आली ती दारातूनच ओरडत.

"बाबा! यू नेव्हर टोल्ड मी! माय प्रोफेसर कुडन्ट स्टॉप टॉकिंग!" मग सोफ्यावर बसून तिनं विचारलं, "ते बटणाचं वाक्य. हाऊ डिड यू थिंक ऑफ इट?"

मी म्हणालो, "सुचलं असंच."

इतक्या वर्षांनी, स्वतःच्या मुलीसमोर, पुन्हा तेच. ते वाक्य मला सुचलेलं नाही. ते शमीम सोलकर यांना सुचलं. फिल्म त्यांची आहे, पहिल्या दृश्यापासून शेवटच्यापर्यंत. आणि त्या बाईंबद्दल लिहायचं असेल तर आधी हे सांगून मोकळं झाल्याशिवाय मला लिहिता येणार नाही.

शमीमबाई आमच्याकडे एडिटर म्हणून आल्या. दुबईच्या अल क्वोज भागातल्या एका गोदामाच्या वरच्या मजल्यावर आमची कंपनी होती. खाली टाइल्सचं गोदाम, वर आम्ही. कामं कसली, तर बिल्डरांच्या जाहिराती, कुणाच्या कंपनीचा वार्षिक समारंभ आणि बांधकामावरच्या कामगारांना दाखवायच्या सुरक्षेच्या फिल्म्स. मी प्रोड्यूसर. म्हणजे क्लाएंटला चहा पाजायचा, त्याचं ऐकायचं आणि ते सगळ्यांना पुन्हा ऐकवायचं. मुंबईहून निघताना दिग्दर्शक व्हायचं ठरवून निघालो होतो. ते राहून गेलं होतं.

शमीमबाई मूळच्या रत्नागिरीकडच्या, पण वाढल्या दुबईतल्याच देरा भागात. वडिलांची तिथल्या गल्लीत व्हिडिओ कॅसेटची लायब्ररी होती. शाळेतून आल्यावर दप्तर काउंटरखाली ढकलायचं आणि मशीननं चावलेल्या कॅसेटी दुरुस्त करायच्या, हे त्यांचं बालपण. स्क्रू काढायचे, चुरगळलेली टेप कात्रीनं कापून टाकायची, दोन टोकं पातळ चिकटपट्टीनं जोडायची, कडा ब्लेडनं साफ करायच्या.

"एकदा एका पिक्चरमधलं आईचं मरणच चुरगळलं," त्यांनी मला सांगितलं होतं. "सगळं कापावं लागलं. आई खोकते आणि पुढच्या क्षणाला मुलगा एकटा जेवतोय. मला वाटलं, आता अब्बा ओरडणार. एक पठाण ड्रायव्हर ती कॅसेट घेऊन गेला. परत द्यायला आला तर डोळे लाल. म्हणाला, ‘पहले भी देखा था, इतना रोना नहीं आया.’ तेव्हा मला कळलं, टिपणीस. आपण जे काढतो ते जात नाही. बघणारा ते स्वतःच्या घरातून आणून भरतो."

असं काही बोलून झालं की त्या लगेच "यल्ला, पुढं" म्हणायच्या आणि कीबोर्डकडे वळायच्या. कौतुक करायला समोरच्याला सवड मिळायची नाही.

त्यांची कामाची पद्धत बघून पहिल्या आठवड्यात मी वैतागलो होतो. शूटिंगचं सगळं कच्चं चित्रण, ज्याला आम्ही रशेस म्हणतो, ते त्या आधी आवाज बंद करून बघायच्या. सगळं. मग मॉनिटर बंद करून नुसता आवाज ऐकायच्या. सगळा. एसीचा गारठा असायचा म्हणून अंगावर वडिलांचा करडा स्वेटर, पायातल्या चपला दाराबाहेर आणि हातात काही नाही. ना वही, ना पेन. मी विचारलं, "लिहून ठेवत नाही काही?" तर म्हणाल्या, "जे आठवत नाही ते फिल्ममध्ये कशाला?"

क्लाएंटला मात्र घाई. आमचा साउंडवाला आणि गरजेला कॅमेरावाला जोसेफ, केरळचा, त्यांच्या दारात उभा राहून निरोप द्यायचा.

"आपा, क्लाएंट बोलता है, और फास्ट करो."

"उसको बोलो, ये आदमी तीस मंजिल ऊपर खडा है. फास्ट करेगा तो गिरेगा."

जोसेफ हसत हसत माझ्याकडे यायचा आणि मी क्लाएंटला गोड शब्दांत काहीतरी थाप मारायचो. तो माझा हातखंडा होता.

बिल्डर लोकांना ड्रोनचं वेड. उंचावरून इमारत, समुद्र, पुन्हा इमारत. एकदा एक बडा बिल्डर स्वतः एडिट रूममध्ये येऊन बसला. शमीमबाईंनी त्याचे सगळे ड्रोन शॉट काढले होते. तो चिडला. त्या शांतपणे म्हणाल्या, "सर, ड्रोन वर गेला की माणूस मुंगी होतो. फ्लॅट तर माणसालाच विकायचाय ना तुम्हाला?" तो जरा नरमून म्हणाला, "एक तरी ठेवा हो." एक ठेवला. तोही त्यानंच नंतर फोन करून काढायला लावला.

इतकं नेमकं कापणाऱ्या या बाईंना गाडी मात्र धड लावता यायची नाही. शारजाहून जुनी पांढरी गाडी घेऊन यायच्या आणि दोन जागांच्या मधोमध उभी करायच्या. दंडाचा मेसेज आला की म्हणायच्या, "बघा, माझं फ्रेमिंग सरकारला पसंत नाही." आणि हट्टी म्हणजे किती! एक शॉट पटला नाही तर जेवायला उठायच्या नाहीत. नवीन आलेल्या एडिटरांना रडवायच्या. "घाई का केलीस? शॉट संपला नव्हता, तू कंटाळलास," असं तोंडावर सांगायच्या. लोक त्यांना वचकून असत आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा आपलं काम दाखवायला त्यांच्याच दारात उभे असत.

आता मी जे सांगतो ते मी डोळ्यांनी पाहिलेलं आहे. माणूस एडिटरचा दिग्दर्शक होतो तो नेमका कधी, हे सहसा कुणाला दिसत नाही. मला दिसलं.

उंचावर काम करताना कमरेच्या पट्ट्याचा हुक अडकवा, अशी एक फिल्म आम्ही केली होती. स्क्रिप्ट क्लाएंटचं, उपदेशाचं. मुहैस्नाहला, म्हणजे आपले लोक ज्याला सोनापूर म्हणतात तिथल्या कामगारांच्या कॅम्पात, ती दाखवायची होती. शमीमबाई म्हणाल्या, मी येते. एडिटर कधी अशा ठिकाणी जात नाही. मी म्हटलं, "कशाला? फिल्म तर तुम्हाला पाठ आहे."

"फिल्म कोण बघतंय? मला माणसं बघायचीत."

कॅम्पातल्या जेवणाच्या हॉलमध्ये पडदा लावला होता. बाई पडद्याच्या शेजारी खुर्ची घेऊन बसल्या, पडद्याकडे पाठ आणि लोकांकडे तोंड. शे-दोनशे माणसं दिवसभर उन्हात काम करून आलेली. फिल्म सुरू झाली आणि त्यांच्या माना पडायला लागल्या. मला लाज वाटली. मग अचानक सगळा हॉल जागा झाला. कुणीतरी हसलं, कुणीतरी शेजाऱ्याला कोपर मारलं. मी पडद्याकडे बघितलं तर तिथं काहीच नव्हतं. एक कामगार हुक कसा लावायचा ते दाखवून झाल्यावर, ‘कट’ म्हटल्यानंतर, आपल्या शर्टाची कॉलर नीट करत होता. तेवढा तुकडा कापायचा राहिला होता. शमीमबाईंच्या हातून असं कधी राहायचं नाही. त्यांनी मुद्दाम ठेवला होता की काय, हे मी कधी विचारलं नाही.

परत येताना गाडीत त्या म्हणाल्या, "ते कॉलरला हसले नाहीत, टिपणीस. त्यांना तो माणूस ओळखीचा वाटला. तोवर तो कामगार होता."

दुसऱ्या दिवसापासून त्यांनी जुन्या रशेस काढल्या. आम्ही टाकून दिलेल्या, ‘कट’नंतरच्या. हातमोजे काढणारी माणसं, कॅमेऱ्याला विसरलेली माणसं, एकमेकांच्या पाठीवरची धूळ झटकणारी. त्या तुकड्यांतून त्यांनी ती फिल्म पुन्हा बांधली. उपदेशाचं एकही वाक्य ठेवलं नाही. पुन्हा सोनापूरला दाखवली तेव्हा हॉलमध्ये एकाचीही मान पडली नाही.

यानंतर मात्र दुसऱ्यानं आणलेल्या रशेसवर त्यांचं भागेना. त्या शूटिंगला यायला लागल्या. जोसेफनं ‘कट’ ऐकून कॅमेरा बंद केला की कडाडायच्या, "तू कट सुनता है, वो आदमी थोडे ही सुनता है! चालू रख!"

एका शुक्रवारी, तेव्हा सुट्टी शुक्रवारी असायची, शमीमबाई आमच्या कंपनीला मिळालेल्या परवानगीवर जोसेफला घेऊन कॅम्पात गेल्या. मग दर शुक्रवारी. मी एकदाच गेलो, उत्सुकता म्हणून. खोलीत दोन मजली पलंग, पलंगाखाली बॅगा, खिडकीच्या गजाला टॉवेल. बाई जमिनीवर मांडी घालून बसलेल्या. एक बिहारी माणूस गादीखालून शर्ट काढत होता. आठवडाभर गादीखाली ठेवून त्याला इस्त्री झालेली. हा शर्ट कामाला नाही, बाजारालाही नाही. शुक्रवारी घरी व्हिडिओ कॉल करताना घालायचा. खोलीतल्या प्रत्येकाचा असा एकेक शर्ट होता. तो माणूस लाजत होता. बाई म्हणाल्या, "भाईजान, आप अपना काम कीजिए. हम बैठे हैं." ‘ॲक्शन’ नाही, काही नाही. कॅमेरा चालू. हळूहळू तो माणूस आम्हाला विसरला. केस ओले करून भांग पाडला, शर्ट चढवला, मोबाइल उशीला टेकवून ठेवला आणि बायकोला म्हणाला, "हां, बोलो."

मी दारात उभा होतो. मला तेव्हा जे वाटलं त्याला दुसरा शब्द नाही. दरारा. या बाईंनी खोलीत काहीही केलं नव्हतं आणि सगळं त्यांच्यामुळे होत होतं.

त्या लिहायला लागल्या त्याही तेव्हाच. म्हणजे लिहिणं कसलं, त्या वाक्यं बोलून बघायच्या. एडिट रूममध्ये फेऱ्या मारत, हिंदीत, पुन्हा पुन्हा. फिल्मला निवेदन हवं होतं. मी सुचवलं, भारदस्त आवाज घेऊ, कामगारांच्या जीवनावर. त्यांनी माझ्याकडे असं बघितलं की मी वाक्य अर्धवट सोडलं. त्यांनी निवेदन दिलं गावातल्या बायकोला. नवऱ्याला फक्त मोबाइलवर, फक्त शुक्रवारी, फक्त त्याच शर्टात बघणाऱ्या बाईला. तिला वाटतं, परदेशात माणूस रोज असाच नीटनेटका असतो. आणि एका शुक्रवारी ती म्हणते, वरून दुसरं बटण बदललंय. वहाँ बटन कौन टाँक देता है?

जोसेफनं हेडफोन काढून ठेवला आणि बाहेर गेला. मी गेलो नाही. मी ते वाक्य मनात घोळवत बसलो आणि मला, खरं सांगायचं तर, ते हवंसं वाटलं. ते माझं असावं असं वाटलं.

त्या हुकच्या फिल्मच्याच क्लाएंटनं ही फिल्म पाहिली, खूष झाला, मोठ्या सभागृहात दाखवायचं ठरवलं. मोठमोठे लोक येणार होते. शेवटच्या नावांची पाटी तेवढी बाकी होती. मी एडिट रूममध्ये गेलो आणि उभ्या उभ्या म्हणालो, "शमीमबाई, एक अडचण आहे. कॅम्पची परवानगी माझ्या नावावर आहे. क्लाएंट म्हणतोय, दिग्दर्शक म्हणून तेच नाव लागेल. तुमचं एडिटर म्हणून मोठं टाकू."

क्लाएंट असं काही म्हणाला नव्हता. क्लाएंटनं उलट विचारलं होतं की, दिग्दर्शिका समारंभाला येणार ना?

त्यांनी माझ्याकडे बघितलं. रशेस बघताना बघायच्या तसं, आवाज बंद करून. मग कीबोर्ड पुढं ओढला.

"मधलं नाव घालायचं? वडिलांचं?"

"नको. नुसतं सुधीर टिपणीस."

त्यांनी स्वतः टाइप केलं. अक्षरं मध्यभागी आणली. पाटी चालवून बघितली. बाकी सगळ्या नावांपेक्षा ती जास्त वेळ पडद्यावर होती. मी म्हटलं, "थोडी कमी करायची का?"

"राहू दे," त्या म्हणाल्या. "वाचता आलं पाहिजे."

क्लाएंटचा तो प्रश्न जोसेफनं ऐकला होता, हे मला नंतर कळलं. म्हणजे त्यांनाही माहीत असणार. त्या कधी बोलल्या नाहीत.

समारंभाला त्यांचे वडील आले होते. दुकान कधीच बंद झालं होतं. थकलेले, काठी टेकत. फिल्म संपली, टाळ्या थांबेनात, मला मंचावर बोलावलं, मी गेलो. चारचौघांत शोभेल असं बोललोही. खाली उतरलो तर म्हातारबुवा समोर उभे. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत घेतला.

"साहेब, माझ्या पोरीस तुम्ही शिकवलंत. कॅसेटी जोडायची हो ती, बाकी काय येत होतं तिला? अल्ला तुमचं भलं करो." मग जरा जवळ येऊन, हसत, आवाज खाली आणून म्हणाले, "घरी सांगत होती, अब्बा, माझी फिल्म आहे, माझी फिल्म आहे. मी सगळ्या नातेवाइकांना फोन केले. तर फिल्म तुमची! पोर आहे, बोलते. तुम्ही मनावर घेऊ नका."

शमीमबाई त्यांच्या मागेच उभ्या होत्या. त्यांनी ऐकलं. मला वाटलं, आता त्या बोलतील. त्यांनी वडिलांच्या खांद्यावरची शाल सारखी केली आणि म्हणाल्या, "चला अब्बा, गाडी लांब लावलीय."

मी म्हणालो, "छे छे, त्या मुळातच हुशार आहेत." एवढंच म्हणालो.

काही महिन्यांनी त्यांनी काम सोडलं. भांडण नाही, टोमणा नाही. जाताना सगळ्यांना करक, म्हणजे इथला कडक दुधाचा चहा पाजला, माझ्या कपात साखर कमी घालायला सांगितली, कारण मला नुकतीच शुगर निघाली होती. पुढं मला कळत राहिलं. स्वतः लिहिलेल्या छोट्या फिल्म्स, मग एक मोठी, मग दुसरी. शारजातल्या घराच्या हॉलमध्ये त्यांचं एडिट टेबल आहे आणि तिथं त्यांच्याकडे शिकायला माणसं येतात, असं जोसेफ सांगतो. तो आता त्यांच्याचकडे असतो. मी त्यांची प्रत्येक फिल्म तिकीट काढून पाहिली आहे, मागच्या रांगेत बसून. मोठ्या फिल्ममध्ये एक म्हातारा बराच वेळ नुसता कुलूप शोधतो. शेजारची बाई रडत होती. कुलपात रडण्यासारखं काय आहे, ते मला आजही सांगता येणार नाही. पण मीही रडत होतो.

गेल्या हिवाळ्यात देराच्या धक्क्यावर गेलो होतो. लाकडी गलबतांवर माल चढत होता, फ्रीज, टायर, गाद्यांचे गठ्ठे. तिथं शूटिंग चाललेलं. मी वळणार तोच हाक आली.

"अहो टिपणीस! पळताय कुठं? या इकडं. फुकटात माणूस मिळाला."

केस पांढरे झालेले, आवाज तोच. त्यांनी मला हाताला धरून एका खांबापाशी उभं केलं. "इथून त्या क्रेनपर्यंत चालत जायचं. काही करायचं नाही. अभिनय तर मुळीच नाही."

"मी कोण आहे पण?"

"कोणी नाही. संध्याकाळी घरी निघालेला माणूस."

मी चाललो. क्रेनपाशी पोचलो, ‘कट’ ऐकू आलं, पण कॅमेरा चालूच असणार हे मला माहीत होतं आणि तरीही मी थांबून मागे बघितलं. बाई मॉनिटरवर वाकल्या होत्या. मग मान वर करून म्हणाल्या, "हा शेवटचा तुकडा ठेवणार मी."

चहा घेताना मी विचारलं, वडील कसे आहेत.

"गावी असतात. खाडीकडेला घर बांधलंय. कान गेले, पण बोलणं भरपूर. तुमची आठवण काढतात. माझी नवी फिल्म दाखवली की म्हणतात, ‘साहेबांनी पाया चांगला घातला. तू तेव्हा उगाच म्हणायचीस, माझी फिल्म.’"

"मग तुम्ही काय म्हणता?"

"काय म्हणणार? या वयात त्यांच्याशी वाद घालू?" त्या हसल्या. खरोखर हसल्या, त्या हसण्यात मी शोधत होतो ते काही नव्हतं. "यल्ला टिपणीस, माझा उजेड चाललाय."

मला तेव्हा बोलता आलं असतं. त्यांच्या हातात चहाचा कप होता, भोवती ओळखीचं कुणी नव्हतं. मी ‘बरं, येतो’ म्हणालो.

थोडं पुढं जाऊन पाहिलं तर त्या एका ट्रकवाल्याशी हुज्जत घालत होत्या. त्याला ट्रक काढायचा होता आणि ट्रकची सावली त्यांना हवी होती. "हबीबी, दो मिनट! तेरा ट्रक पिक्चर में आ रहा है!" तो हात वर करून खाली उतरला आणि स्वतःच बोनेट पुसायला लागला. बाईंनी चपला काढून हातात घेतल्या, जोसेफच्या खांद्यावर हात ठेवला आणि गाद्यांच्या गठ्ठ्यांवर चढायला लागल्या, वरून कसं दिसतंय ते बघायला. पन्नाशी उलटलेली बाई, एकेक गठ्ठा चाचपत, वर वर.

मुलीला मी आज रात्री जेवताना सांगणार आहे. ती काय म्हणेल ते म्हणेल. शमीमबाईंची माफी मागायची आहे, पण त्यांना तिची गरज आहे असं मला वाटत नाही. माझ्याकडून देणं आहे ते त्यांच्या वडिलांचं. त्यांच्या घरी जाऊन, त्यांना ऐकू येईल इतक्या मोठ्यानं मला सांगायचं आहे की फिल्म तिची होती, तुमची मुलगी खोटं बोलली नव्हती, खोटं मी बोललो होतो. ते नव्वदीला टेकलेत. मी अजून गेलेलो नाही.